दोन बोटं सैल

दिवस ४१

दादास,

पत्रास कारण असं की मुकादमांनी लिहायला सांगितलं. उद्या चुन्याची पहिली टोपली वर जाणार आहे, आणि टोपलीत घरचं पत्र टाकायची पद्धत आहे. त्याने वरच्या गवंड्याचं मन रमतं म्हणे. पत्र अर्ध्या पानात आटप, असंही त्यांनी बजावलं. मनोऱ्याच्या माथ्यावर तुझा एक श्वास होतो तेव्हा खाली आमचा एक दिवस जातो. एक पान वाचायला तुला तीस श्वास लागतात. म्हणजे तू पान वाचून खाली ठेवेपर्यंत आमचा महिना उलटतो. म्हणून मी अक्षर बारीक काढतो आहे, अर्ध्या पानात जास्त मावावं म्हणून. मुकादम खांद्यावरून डोकावून म्हणाले, "अक्षर बारीक केलंस म्हणून वाचायला वेळ कमी लागतो का रे शहाण्या?" हे मला सुचलं नव्हतं.

दोराचं सगळं ठीक आहे. मी रोज सकाळी सातला दोरघरात असतो. तुझ्या कमरेचा दोर माथ्यावरच्या कप्पीवरून येऊन माझ्या आकड्याला बांधलेला आहे. त्यावरचा लाल धागा भिंतीवरच्या पट्टीवर कुठे आला ते बोटांनी मोजतो आणि वहीत लिहितो. शेजारचा साक्षीचा दोरही मोजतो. तो तीस हातांचा आहे, त्याच्या टोकाला माणूस नाही, नुसता दगड आहे. ओल्या हवेने दोर आखडला तर दोन्ही आखडतात, माणसाने ओढला तर एकच. मुकादम म्हणतात, साक्षीचा दोर हा मुका साक्षीदार आहे, पण त्याच्याशिवाय खटला उभा राहत नाही.

खुणा तुला पाठ आहेत, तरी लिहितो. वीस श्वासांची ओढ म्हणजे 'उतरवा'. त्यावर खालून दोर घट्ट धरला तर 'ये'. सैल सोडला तर 'थांब, येऊ नकोस'. नियम दोन्हीकडे घोकलेले बरे.

माथ्यावरचा तडा खालून अजून तसाच दिसतो. परवा पलीकडच्या गल्लीत पुन्हा एक मंगळवार दोनदा आला. न्हाव्याने एकाच माणसाची दाढी दोनदा केली आणि दोन्ही वेळा त्याच गप्पा मारल्या. तो माणूस म्हणतो, न्हावी तसाही रोज त्याच मारतो, मला कळलं ते गालावरून. तू तडा भरलास की हे थांबेल.

सहाशे श्वासांचं काम आहे असं तू सांगून गेलास. त्यातले एकेचाळीस झाले. आई, वहिनी आणि चिमणी बऱ्या आहेत. तू जाताना आपल्यात जे बोलणं झालं त्याबद्दल मी काही लिहीत नाही.

तुझा भाऊ


दिवस १९०

दादास,

आईचा गुडघा दुखतो म्हणून ती सध्या जास्त वेळ पडून असते. गुडघाच आहे, काळजीचं काही नाही. गेल्या आठवड्यात मनोऱ्याच्या पायथ्याशी न्या म्हणून हट्ट धरला. मी आणि वहिनीने खुर्चीत बसवून नेलं. लोक त्या काळ्या दगडाला कान लावतात, वरचं ऐकू येतं म्हणतात. आई बराच वेळ कान लावून बसली, मागे रांग वाढत गेली. शेवटी म्हणाली, "खोकतोय. याला सांगितलं होतं, चुन्याची धूळ उडते तिथे तोंडाला फडकं बांध." मीही कान लावला. मला दगडच ऐकू आला. पण तू फडकं बांधावंस असं आईने लिहायला सांगितलं आहे, म्हणून लिहिलं.

वहिनी आता मनोऱ्याच्या कामाची पोती शिवते. चुना भरायची टोपली आतून ज्या पोत्याने मढवतात, ती सगळी तिच्या हातची असतात. म्हणजे तुझ्या टोपलीतलंही तिचंच. रिकामी पोती उसवली-फाटली की दुरुस्तीला तिच्याकडेच परत येतात. टीप बघ, ओळखशील.

चिमणी बालवर्गात जाते. बाईंनी विचारलं, बाबा काय करतात, तर म्हणाली, "बाबा मोठा श्वास घेतात." सगळा वर्ग हसला. ती घरी येऊन रडली नाही, पण जेवली नाही.

मोठ्या माणसांसाठी शाळेने जो वर्ग काढला होता, तो सुरू झाला. दोरघराच्या खिडकीतून शाळेचं फाटक दिसतं. मी खुर्ची दुसरीकडे तोंड करून ठेवली आहे. पट्टी तिकडून नीट दिसते, हे खरं कारण.

आज दोर जागेवर आहे. साक्षीचाही जागेवर आहे.

तुझा भाऊ


दिवस ४३७

दादास,

पाऊस नाही, ऊन नाही, नुसती ओल आहे. भिंतींना हात लावला तर हात ओला होतो. काडेपेटीतल्या दहा काड्यांतली एक पेटते. दोरही आखडतो आहे. गेले सोळा दिवस रोज सकाळी लाल धागा दोन बोटं वर सरकलेला असतो. नियमाप्रमाणे मी रोज दोन बोटं सैल सोडतो, नाहीतर ओला दोर ताणाने तुटायचा. मी फार जपून सोडतो, झटका बसू देत नाही. तुला कळतही नसेल.

आईला आता उठवत नाही. दिवसातून तीन-चार वेळा चादर बदलावी लागते आणि बाहेर काही वाळत नाही. मी घरात या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चार फेऱ्या मारून दोर बांधला आणि चादरी त्यावर टाकल्या. एवढा लांब आणि मजबूत मिळाला, हे बरं झालं. खोलीत शिडांच्या नावेत बसल्यासारखं वाटतं असं चिमणी म्हणते. आईही हसली.

वैद्य येऊन गेले. ऋतू पालटला की फरक पडेल म्हणाले.

तुझे चारशे सदतीस झाले. उरले एकशे त्रेसष्ट. त्याआधी काम झालं तर त्याआधी ये. मी एवढंच म्हणतो. बाकीचं समोरासमोर बोलू.

तुझा भाऊ


दिवस ६४०

दादास,

सहाशे होऊन चाळीस दिवस झाले. तू अजून ओढ दिलेली नाहीस.

मुकादमांना विचारलं. ते म्हणाले, "वर गेलेला गवंडी जावयासारखा असतो. आपण पायघड्या घालून बसायचं, तो त्याच्या वेळेने येतो." मी पुन्हा विचारलं तेव्हा हसले नाहीत. म्हणाले, तडा तर भरलेला दिसतोय, सहा-सात महिने झाले, कुठे वार दोनदा आलेला नाही. मग हा करतोय काय वर?

आम्हीही हेच विचारतो. दोर जागेवर आहे. रोज सातला मोजतो, हल्ली दुपारीही मोजतो.

ओल गेली. खिडक्या उघडल्या. आईच्या खोलीत आता वहिनी पोती शिवायला बसते, तिथे उजेड चांगला येतो. चिमणीला वाचता येऊ लागलं आहे. दुकानांच्या पाट्या मोठ्याने वाचत जाते आणि चुकीच्या असल्या तर दुकानदाराला सांगते. लोक मला म्हणतात, काकावर गेली.

काही अडलं असेल तर वीस श्वासांची ओढ दे. मी आहे. वीस दिवस मी आकड्यापासून हलणार नाही.

आई बरी आहे.

तुझा भाऊ


दिवस ८०३

दादा,

हे पत्र अर्ध्या पानात मावणार नाही.

काल दुपारी वहिनी दोरघरात आली. ती कधी येत नाही. तिच्या हातात एक जुनं पोतं होतं, टोपलीच्या अस्तराचं, तुझ्याकडून रिकाम्या टोपलीबरोबर खाली आलेलं. अशी पोती कोठीत ढिगाने पडून राहतात आणि दुरुस्तीला तिच्याकडे येईपर्यंत महिने जातात. उसवलेली शिवण बघायला तिने ते उलटं केलं. आतून कोळशाने लिहिलं होतं. ती मला म्हणाली, "भाऊजी, तुम्ही वाचा. मी वाचलंय, पण तुम्ही वाचा."

तुझंच अक्षर. तू लिहिलं होतंस:

'तडा भरून झाला. खूण मिळाली, थांबतो. माथ्याभोवतीचं पुरं कडं करूनच येईन. तिकडे दोर पुरत नाही म्हणून खुंटीला बांधून ठेवतो. तो धरायची गरज नाही. तू मोकळा झालास. शाळेत जा.'

मी ते पाच वेळा वाचलं. वहिनी उभीच होती. तिने विचारलं, "कसली खूण? तुम्ही काय खूण केलीत?"

मी म्हणालो, मी कसलीच खूण केली नाही. आणि ते म्हणत असतानाच मला कळलं.

दादा, आता मी जे झालं ते क्रमाने लिहितो. मला क्रमानेच लिहिता येतं.

चारशे विसाव्या दिवशी आईची शेवटची कोरडी चादर संपली. घरातली दोरी तोकडी होती आणि कुजलेली होती. मी दोरघरात बसलो होतो. समोर साक्षीचा दोर टांगलेला होता. मी दोरावर बसल्यापासूनच्या आठ वर्षांत त्या दोराने मला एकदाही वेगळं काही सांगितलं नव्हतं. हा आखडला की तोही आखडायचा, हा सुटला की तोही सुटायचा. मी तो आकड्यावरून काढला, गुंडाळला आणि कोटाखाली घालून घरी नेला. चार दिवसांसाठी. तो सव्वीस दिवस घरात राहिला.

चारशे एकविसाव्या दिवशी सकाळी लाल धागा दोन बोटं वर होता. हवा ओली होती. मी दोर दोन बोटं सैल सोडला. दुसऱ्या दिवशी पुन्हा दोन बोटं. असे वीस दिवस. मग धागा थांबला. मी मनात म्हणालो, हवा सुटली.

ती हवा नव्हती, दादा. तो तू होतास. सहाशे श्वासांचं काम तू चारशे वीस श्वासांत उरकलंस आणि वीस श्वास दोर ओढून धरलास. आणि तुझ्या प्रत्येक श्वासाला खालून मी दोन बोटं दोर सोडत गेलो. थांब. येऊ नकोस. थांब. येऊ नकोस. वीस वेळा.

अजून एक आहे. ते मी वहिनीलाही आधी सांगितलं नाही. वहीत दोन रकाने असतात, एक तुझ्या दोराचा, एक साक्षीचा. साक्षीचा दोर घरी चादरी वाळवत होता, म्हणून तो रकाना रिकामा राहायला हवा होता. रिकामा रकाना मला बघवेना. मी त्यात वीस दिवस 'दोन बोटं' आणि पुढचे सहा दिवस 'जागेवर' असं लिहिलं. मनात म्हणालो, तसंच असणार. सव्वीस दिवस मी न मोजता, स्वच्छ अक्षरात लिहिलं. मुकादम दर शनिवारी वही बघतात. वही बघून म्हणायचे, अशी वही मी उभ्या आयुष्यात पाहिली नाही. तो रकाना रिकामा दिसला असता तर त्यांनी पहिल्याच शनिवारी माझा कान धरला असता आणि तू आज घरी असतास.

आई चारशे सेहेचाळिसाव्या दिवशी गेली. मी गेल्या पत्रात ती बरी आहे असं लिहिलं, ते खोटं होतं. ती गेली तेव्हा चादरी तशाच वाळत होत्या. शुद्ध होती तोवर ती एकच विचारत होती, त्याने ओढ दिली का रे. मी म्हणत होतो, नाही अजून. तू सहा दिवसांपूर्वीच ओढ देऊन मोकळा झाला होतास.

दोर मी दुसऱ्या दिवशी परत नेऊन टांगला. धुऊन.

आता तू निघालास त्या सकाळबद्दल. तू मला सहावीतून काढून दोरावर बसवलंस तेव्हा मी बारा वर्षांचा होतो. दोर रक्ताच्याच माणसाने धरायचा असतो, दुसरं कोणी नव्हतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण पुढे इतक्या वर्षांनी मोठ्यांच्या वर्गात मला घेतो म्हणून शाळेने कागद दिला त्याच आठवड्यात तू मला न विचारता माथ्याचं काम घेतलंस. तू फळीवर बसत होतास आणि मी तुझ्या कमरेची गाठ आवळत होतो, तेव्हा मी म्हणालो, "वरच राहा. तुझ्यावाचून इथे कोणाचं काही अडत नाही." तू गाठ घट्ट आहे का तेवढं बघितलंस.

म्हणून तुला दोराचं खरं वाटलं. दुसऱ्या कोणा भावाने दोर सोडला असता तर तू म्हणाला असतास, काहीतरी घोटाळा आहे, आणि पुन्हा ओढला असतास. माझ्या बाबतीत तुला घोटाळा वाटला नाही.

आणि तरी तू लिहिलंस, शाळेत जा. एक शिवी लिहिली असतीस तर मला रात्री झोप आली असती.


दिवस ८०६

पत्र पुरं झालं नव्हतं, पुढे लिहितो.

मुकादमांकडे गेलो. वही दाखवली, सगळं सांगितलं. त्यांनी सव्वीस दिवसांच्या पानांवरून बोट फिरवलं. मला वाटलं, मारतील. ते म्हणाले, "एवढ्या सुबक अक्षरात कोणी खोटं लिहील असं मला कशाला वाटेल?" 

पुरं कडं म्हणजे किती, असं मी विचारलं. बारा हजार श्वास. मी कागदावर मांडलं. तेहतीस वर्षं होतात. तू उतरशील तेव्हा तुझ्यासाठी अर्ध्या दिवसाची पाळी संपलेली असेल. तू एकतीसचाच असशील. मी पन्नाशी ओलांडलेली असेल. चिमणी तुझ्यापेक्षा वयाने मोठी असेल. तू खाली येऊन तिला हाक मारशील आणि ती तुला अहो म्हणेल.

दोराने खूण करता येत नाही, तो खुंटीला बांधलेला आहे. परवा दिवसभर मी ओढून बघितला. खुंटी ओढल्यासारखाच लागतो. त्याला तू नाहीस हे हाताला कळतं. मग त्या वीस दिवसांत तू ओढतो आहेस हे मला एकदा तरी हाताने का कळलं नाही? मी हाताने बघतच नव्हतो, पट्टीने बघत होतो.

मी वर जातो म्हणालो. मुकादम म्हणाले, जा, पण तुझा दोर कोण धरणार? रक्ताचं कोण उरलंय? उरली आहे चिमणी. सहा वर्षांची. तिला शाळेतून काढून माझ्या आकड्याशी बसवायचं. मी वर पोहोचून तुला शोधून आणेपर्यंत तिचं बालपण दोरघरात संपायचं. मुकादमांनी ते वाक्य पुरं केलं नाही आणि मीही करू दिलं नाही.

राहिलं पत्र. टोपली वर पोहोचायला शंभर दिवस. पण तू कड्याच्या पलीकडच्या बाजूला काम करतोस, टोपली अलीकडे. तू टोपलीकडे येणार कधी? चुना संपला की. तुझ्याकडे किती चुना आहे? मुकादम म्हणाले, त्याने पलीकडे नेलेल्या टोपल्यांतला हजार श्वास पुरेल. मला धीर आला. मग ते म्हणाले, "पण जुन्या गवंड्यांनी वर चुना साठवून ठेवलाय. किती, ते वरून आलेल्या कोणी सांगितलेलं नाही. तो हाती लागला, तर टोपलीकडे बघायची त्याला गरजच नाही." मी म्हणालो, लागला नाही तर? ते म्हणाले, "लागू नये म्हण."

आयुष्यात पहिल्यांदा तुला काही सापडू नये अशी प्रार्थना करतो आहे, नाहीतर तुझी हरवलेली प्रत्येक वस्तू मीच शोधून द्यायचो.

माझ्या आधीच्या दोन पत्रांचंही तेच झालं असणार. वर टोपलीत पडून असतील, न वाचलेली. ओल आहे म्हणून दोन बोटं सोडतो, हे मी माझ्याच हाताने तुला कळवलं होतं. ते तुझ्यापासून पन्नास पावलांवर पडलेलं आहे.


दिवस ८०९

वहिनीला हे सगळं पत्र वाचून दाखवलं. रकान्याचंही. ती पोतं शिवत होती. मी वाचत असताना सुई थांबली नाही. माझं वाचून झाल्यावर तिने दोरा दातांनी तोडला आणि विचारलं, "किती पानं झाली?"

मी म्हणालो, साडेचार.

"म्हणजे साडेचार महिने. ते वर उभे राहून तुमचं दुःख वाचणार, आणि इथे आमचे साडेचार महिने जाणार."

मी म्हणालो, पण त्याला सगळं कळायला हवं. माफी मागायला हवी.

"माफी त्यांच्याकडे मागा, ते खाली आल्यावर. तोपर्यंत माझ्याकडेही मागू नका, भाऊजी. माझ्याकडे सध्या नाहीये." हे ती रागाने बोलली नाही. भांड्यात पीठ नाही म्हणावं, तसं म्हणाली. मग म्हणाली, "लिहायचं ते चार ओळींत लिहा. आणि सासूबाईंचं लिहू नका."

हे मला पटेना. आधीच एक खोटं लिहून झालेलं आहे. सव्वीस दिवसांचं तर आहेच. मी तिला तसं सांगितलं.

ती म्हणाली, "ते कळलं की हे खाली बसतील. तुम्ही ओळखता ना त्यांना? सासरे गेले तेव्हा ओट्यावर बसले ते तिन्हीसांजेपर्यंत उठले नाहीत. वर दोन तास बसले तर इथे किती?"

मी मनात मांडलं. पाच वर्षं.

"खाली येऊन रडू देत," वहिनी म्हणाली. "इथे रडायला रडण्याएवढाच वेळ लागतो."

मी तिच्यासमोर बसून लिहायला घेतलं. पहिल्या खेपेला अकरा ओळी झाल्या. ती मोठ्याने वाचायची आणि मी श्वास मोजायचो. 'माझ्या हातून' काढलं. 'तू समजून घेशील' काढलं. 'कृपा करून' काढलं, त्याला एक श्वास जातो. चिमणी खाली बसून ऐकत होती. ती म्हणाली, मी बाबांना एक ओळ लिहू? वहिनीने तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. मी मान हलवली. नाही म्हणून. तिने काय लिहिलं असतं ते मी विचारलं नाही. ती ओळ मला रोज ऐकू आली असती.

हे साडेचार पानी पत्र मी पाठवत नाही. दोरघराच्या वहीत, त्या सव्वीस दिवसांच्या पानांत घालून ठेवतो. माझ्यानंतर जो दोर धरेल त्याला मिळावं. त्यालाही ओल लागेल, त्याच्याही घरी कोणीतरी आजारी असेल.

उद्यापासून पुन्हा सातला जाणार आहे. दोराला माणूस नाही हे मला माहीत आहे. तरी मोजणार आहे, दोन्ही. हाताने.


दिवस ८१५

दादा,

हे आधी वाच. टोपलीतली बाकीची पत्रं वाचू नकोस.

ती खूण नव्हती. दोर ओला समजून मी सोडला. चूक माझी.

काम आहे तिथे टाक. दोर कमरेला बांध, ओढ दे, ये. मी धरला आहे.

सगळे बरे आहेत. आई रोज विचारते, आला का म्हणून.